मिसेस पेगचा क्लोज-अप

"चहा ठेवू का, इन्स्पेक्टर?" या एका वाक्यावर मी अकरा वर्षं काढली. अधूनमधून फरक व्हायचा. कधी "चहा गार होतोय, इन्स्पेक्टर," तर कधी "आज बिस्किटं संपली बरं का, इन्स्पेक्टर." मालिकेचं नाव 'इन्स्पेक्टर हॅलम'. हॅलम म्हणजे लायनेल फॅरंट, आणि मी त्याच्या पोलीस ठाण्याच्या कँटीनमधली मिसेस पेग. माझं खरं नाव एव्हरिल हेस्केथ. भाग संपल्यावर नावं वर सरकतात त्यात ते येतं, पण तोवर लोक किटली लावायला उठलेले असतात.

त्याआधी मी नर्स झाले, शेजारीण झाले, कोर्टात मागच्या बाकावर बसणारी आई झाले. कुत्र्याला फिरवायला नेते आणि झुडपात प्रेत बघून किंचाळते ती बाई तर मी कितीतरी मालिकांमध्ये केली, आणि दर वेळी माझ्यापेक्षा कुत्राच जास्त दिसला. पण घर चाललं. माझा नवरा अल्विन बस चालवायचा. दोघांनी मिळून हॅलिफॅक्समध्ये घर केलं. तक्रार काही नव्हती. म्हणजे होती, पण आमच्या यॉर्कशायरकडे ती बोलून दाखवायची पद्धत नाही.

ती तक्रार आता सांगते. दोन माणसं समोरासमोर बोलत असली की आमच्यात आधी एकाचा चेहरा टिपतात, मग कॅमेरा आणि दिवे फिरवून दुसऱ्याचा. मोठ्या नटाची बाजू नेहमी आधी. त्याचा चेहरा टिपताना दुसऱ्यानं कॅमेऱ्याच्या शेजारी उभं राहून आपली वाक्यं बोलायची, म्हणजे त्याला कुणाशी तरी बोलतोय असं वाटतं. मग आपली बाजू आली की त्यानंही तसंच उभं राहावं अशी रीत आहे. लायनेलनं ती अकरा वर्षांत एकदाही पाळली नाही. त्याचं झालं की तो "अप्रतिम, राणी!" म्हणायचा आणि आपल्या गाडीत जाऊन शब्दकोडं सोडवायचा. गरज सरो, वैद्य मरो. मग माझ्यासमोर त्याची वाक्यं वाचायची ती ट्रिश. ट्रिशचं काम संहिता सांभाळायचं. बाई सोन्यासारखी, पण "तुमच्या मुलाचा खून झालाय" हे ती बसचं वेळापत्रक वाचावं तसं वाचते.

आणि ही 'राणी' म्हणजे मी एकटी नव्हे. नाव आठवलं नाही की लायनेल सगळ्यांनाच राणी म्हणायचा. इलेक्ट्रिशियनलासुद्धा.

मालिका बंद होणार हे कळलं तेव्हा मला धक्का वगैरे बसला नाही. लायनेलला वाक्यं लक्षात राहत नव्हती, हे सगळ्यांना दिसत होतं. "जरा दमलाय तो," असं म्हणायचं आम्ही न ठरवताच ठरवून टाकलं होतं. कानात बारीक यंत्र घालून वाक्यं सांगून पाहिली, तर तो भर सीनमध्ये त्या यंत्रावर खेकसला, "ऐकू आलं रे, ओरडतोस काय?" मग कागदावर मोठ्या अक्षरांत लिहून ते कागद दिव्याच्या दांड्यावर, दाराच्या मागे, साखरेच्या डब्यावर चिकटवायला लागले. सत्तरी ओलांडलेला माणूस, पण रुबाब असा की साखरेच्या डब्याकडे बघून बोलला तरी आरोपीची पाचावर धारण बसावी.

शेवटच्या भागांची संहिता आली आणि मी ती चाळत होते, चहाचं वाक्य शोधत. तर त्यात एक अख्खा सीन माझा. पेगची मुलगी जॅनिस बेपत्ता आहे. हॅलम कँटीनमध्ये येतो आणि तिचं प्रेत सापडल्याचं पेगला सांगतो. ती चहा ओतता ओतता थांबते, आणि बोलते.

"तिला थंडी फार वाजते हो. तिच्या अंगावर काहीतरी घातलंय ना? काल निघताना कोट इथेच विसरून गेली. मी म्हटलं येईल परत, कोटासाठी तरी येईल."

मी अल्विनला वाचून दाखवलं. तो बटाटे सोलत होता. सोलायचा थांबला.

"हे तुला बोलायचंय?"

"मग कुणाला? कुत्र्याला?"

"नाही, म्हणजे," तो म्हणाला, "या वेळी तोंड दाखवतील ना तुझं?"

नेमकं तेच मला हवं होतं. दुसरं काही नको. त्रेसष्टाव्या वर्षी पुढचं काम मिळवायचं तर एजंटला दाखवायला स्वतःच्या चेहऱ्याचा एक धड तुकडा लागतो, आणि माझ्याकडे होते ते सगळे तुकडे लायनेलच्या चेहऱ्यापुढे दिसणाऱ्या माझ्या खांद्याचे. पण हे झालं एजंटसाठी. खरं सांगायचं तर मला स्वतःसाठीच तो क्लोज-अप हवा होता. आपण चांगलं काम करतो हे मला माहीत होतं, पण ते मी कधी पाहिलं नव्हतं.

आमचा सेट गालिच्यांच्या एका जुन्या गिरणीत होता. त्या दिवशी सकाळी दिग्दर्शिका इमोजेन माझ्याकडे आली. पोरगी हुशार, वय माझ्या भाचीएवढं, पायात कायम लाल बूट.

"एव्हरिल, आज तुमचा दिवस आहे. पण आधी लायनेलची बाजू घेऊ या. दुपारनंतर ते... जरा दमतात."

"कळलं."

"आणि एक विनंती होती. त्यांची वाक्यं लावायला तिथे जागाच नाहीये. त्यांची नजर सारखी तुमच्यावर हवी. तर आम्ही कागद तुमच्या अंगावर लावले तर चालेल?"

माझ्या ॲप्रनवर, छातीपाशी, सेफ्टी पिनांनी लायनेलची वाक्यं टोचली. मोठ्या काळ्या अक्षरांत: 'पेग, खाली बस.' 'जॅनिस सापडली.' मी आरशात पाहिलं. पोस्टाच्या पार्सलासारखी दिसत होते.

आता एक गुपित. जुनी नटी कॅमेऱ्याच्या शेजारी उभी राहून वाक्यं देते तेव्हा हातचं राखून देते. डोळ्यांतलं पाणी काही नळाचं नसतं. दोन-तीन वेळा खरं रडलं की मग नुसता चेहरा वाकडा होतो, आत काही उरत नाही. म्हणून समोरच्याच्या टेकला बेताबेतानं द्यायचं आणि आपली बाजू आली की सोडायचं. हे मला कुणी शिकवलं नाही, दुधानं तोंड पोळून शिकले.

तर मी बेतानं दिलं. आणि लायनेल माझ्या छातीकडे बघून वाचत राहिला. "पेग. खाली बस." मान खाली, डोळे अक्षरांवर. दुसरा टेक, तिसरा टेक. मध्येच ओळ सुटायची, मध्येच तीच ओळ दोनदा. एकदा तर तो माझं वाक्य वाचायला गेला, जे तिथे लिहिलेलंच नव्हतं. जेवणाची सुट्टी झाली, संपली. पुन्हा उभे राहिलो. कुणी हसत नव्हतं आणि कुणी कुणाकडे बघत नव्हतं. सातला दिवे बंद म्हणजे बंद. निर्मात्यानं जादा तासांना सक्त मनाई केली होती. हा सेट उद्या मोडायचा होता. मी मनात हिशेब करत होते: दिवे फिरवायला एवढा वेळ, मला एवढा. लायनेलचं असंच चाललं तर माझी बाजू येणारच नाही. संहितेतला माझा सीन माझ्या छातीवरच्या कागदांनी खाल्ला असता.

"राणी," लायनेल हळूच म्हणाला. कॅमेरा बंद होता. त्याच्या वरच्या ओठावर घाम होता. "मला हे जमत नाहीये गं."

अकरा वर्षांत तो माझ्याशी पहिल्यांदा खरं काही बोलला, आणि मला त्याचा रागच आला. तुझी कारकीर्द तर झाली, आता माझा एकुलता सीनही बुडवणार का? पण राग काय कामाचा. लवकर आटपायचं तर एकच उपाय होता, आणि तो मला पटत नव्हता.

पुढच्या टेकला मी राखलं नाही. "तिला थंडी फार वाजते हो," म्हटलं आणि सगळं सोडून दिलं. माझं रडणं मलाच अनोळखी वाटलं. कागद छातीवर फडफडायला लागले. आणि लायनेलनं मान वर केली. त्यानं अक्षरं सोडली आणि माझ्याकडे बघितलं, जणू ही बाई इथे कधी आली असं. त्याचा खालचा जबडा सैल झाला. तो पुढे झाला, थांबला, हात उचलला आणि तो कुठे ठेवायचा हे न कळून तसाच धरून राहिला. मग लिहिलेलं सोडून वेगळंच बोलला. "घातलंय. मी माझा कोट घातलाय तिच्या अंगावर."

इमोजेननं 'कट' म्हणायला उशीर केला. मग सगळ्या गिरणीनं टाळ्या वाजवल्या.

"अप्रतिम, राणी," लायनेल म्हणाला. डोळे पुसत आपल्या गाडीकडे गेला.

कॅमेरा फिरवला तेव्हा सात वाजायला थोडाच वेळ उरला होता. ट्रिश समोर उभी राहिली, चष्मा नाकावर. "पेग. खाली बस. जॅनिस सापडली. मृत." बसचं वेळापत्रक. आणि माझ्यात काही नव्हतं. मी आत हात घालून बघितलं, डबा रिकामा. तेव्हा मी रडायचा नादच सोडला. कपात साखर किती हे विचारावं तसं विचारलं, "तिच्या अंगावर काहीतरी घातलंय ना?" चहा ओतत राहिले. कप भरला, बशी भरली, तरी ओतत राहिले. एकच टेक झाला. इमोजेन म्हणाली, "छान, घेतलं," आणि दिवे गेले.

घरी अल्विननं विचारलं, "कसं झालं?"

"रडू आलं नाही."

"बरं झालं," तो म्हणाला. "तू रडलीस की तुझं नाक फार लाल होतं." मी त्याला उशी फेकून मारली.

पुढे महिना-दीड महिन्यानं लीड्सच्या एका स्टुडिओत डबिंगला बोलावलं. अंधारी खोली, पडदा, माइक, आणि काचेमागे इमोजेन आणि आवाजाचं काम बघणारा एक जाडा माणूस.

"काय झालं, एव्हरिल," इमोजेन म्हणाली, "लायनेलच्या त्या टेकला तुमचा आवाज नीट नाही आला. माइक त्यांच्याकडे होता. आणि तुमच्या अंगावरचे कागद इतके वाजलेत की रडण्यापेक्षा तेच ऐकू येतं. तर ते रडणं तुम्ही परत द्यायचं."

पडद्यावर सीन लागला. लायनेलचा चेहरा. लायनेलचा चेहरा. माझा खांदा. लायनेलचा चेहरा. सीन संपला.

"माझी बाजू?" मी विचारलं.

तिनं लाल बुटांकडे बघितलं. "तुमची बाजूही चांगली आहे. पण तुम्ही त्यात कोरड्या आहात, आणि ते तर हेलावून गेलेत. त्यांच्या चेहऱ्यावर तुमचा आवाज रडणारा आणि लगेच तुमचा चेहरा कोरडा, जुळत नाही. शिवाय लायनेलचं हे... कदाचित शेवटचंच. म्हणून आम्ही सगळा सीन त्यांच्यावर ठेवलाय."

"मला दाखव."

"एव्हरिल..."

"दाखव म्हटलं ना."

तिनं दाखवला. मी पडद्यावर मला पाहिलं. चहा ओतणारी एक म्हातारी होत चाललेली बाई, जी मुलीच्या प्रेतावर कोट घातलाय का हे विचारत होती, आणि बशी भरून चहा टेबलावर सांडत होता ते तिच्या गावीही नव्हतं. मी चांगली होते. स्वतःच्या तोंडानं सांगते, कारण दुसरं कुणी सांगणार नव्हतं. मी इतकी चांगली होते की मला माझीच दया येईना, पेगची आली.

मग त्यांनी परत लायनेलचा चेहरा लावला आणि काचेमागून बोट केलं: बोला.

लायनेल मान वर करतो ते मी पाहिलं. तो जबडा, तो अधांतरी हात. खरं काम होतं ते. तसं मी त्याला कधी बघितलं नव्हतं, आणि यापुढे कुणीच बघणार नव्हतं. रडणं माझ्या घशापर्यंत आलेलं होतं. महिनाभरात डबा भरला होता. मी ते गिळलं आणि कपात साखर किती विचारावं तसं म्हणाले, "तिला थंडी फार वाजते हो. तिच्या अंगावर काहीतरी घातलंय ना?"

"रडणं हवंय, एव्हरिल," इमोजेन म्हणाली.

"पेग रडत नाही तिथे. कॅमेऱ्यासमोर नाही रडली. तूच 'छान, घेतलं' म्हणालीस."

"पुन्हा एकदा द्या."

पुन्हा दिलं. तसंच. तिसऱ्यांदा तसंच. "तुम्हाला जमत नाहीये की करायचं नाहीये?" तिनं विचारलं. मी म्हटलं, "माझी पेग अशीच बोलते. दुसरी हवी असली तर दुसरी बाई बोलाव."

शेवटी त्यांनी माझा तो कोरडा आवाज लायनेलच्या चेहऱ्यावर लावून बघितला. समोरची बाई साधं काहीतरी विचारतेय आणि या माणसाचे डोळे भरून आलेत. जाडा माणूस सँडविच खाता खाता म्हणाला, "याला काय झालं रडायला?"

इमोजेन नखं चावत होती. मग तिनं माझा चेहरा लावला, माझ्याच आवाजावर. सगळा सीन, सुरुवातीपासून बशी भरेपर्यंत. लायनेलचा फक्त आवाज. सँडविच खाली ठेवलं गेलं.

"तुम्ही हे मुद्दाम केलंत," इमोजेन म्हणाली. रागानं नाही म्हणाली. थोडं रागानंच म्हणाली.

"मग?" मी म्हटलं. "माझं झालं असेल तर माझी गाडी आहे साडेतीनची."

मी उद्या पुन्हा तेच करीन. हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढचं ऐकून लोकांना वाटतं मला पश्चात्ताप झाला. तसं काही नाही.

टीव्हीवर लागण्याआधी सगळ्या कलाकारांना आणि कामगारांना शेवटचा भाग दाखवायची पद्धत असते. हॅलिफॅक्समधलंच एक छोटं थिएटर दुपारपुरतं घेतलं होतं. माझा सीन आला. चेहरा केवढा मोठा, देवा! अल्विननं माझा हात धरला तो सीन संपेपर्यंत सोडला नाही. संपल्यावर टाळ्या. माझ्या जन्मात माझ्यासाठी वाजलेल्या पहिल्या. अल्विन कानात म्हणाला, "नाक लाल नाही दिसत हां," आणि त्याचंच नाक लाल होतं.

बाहेर कोमट व्हाइट वाइन आणि चीजचे चौकोनी तुकडे होते. लोक येऊन माझे हात दाबत होते. लायनेल बायकोबरोबर खिडकीपाशी उभा होता, कोट घालून, घरी जायला निघाल्यासारखा. मला बघून तो आला.

"राणी," तो म्हणाला, "एक विचारू? त्या कँटीनमध्ये... मी चांगलं केलं होतं ना गं?"

मी ओठांशी नेलेला ग्लास खाली केला.

"मला हल्ली धड काही आठवत नाही," तो म्हणाला. "सकाळी काय खाल्लं ते आठवत नाही. पण ते आठवतं. टाळ्या वाजल्या होत्या. मी आज तेच बघायला आलो होतो. ते दिसलंच नाही."

"चांगलं केलं होतंस. फार चांगलं."

"मग गेलं कुठे?"

"कापलं, लायनेल."

"कुणी?"

इमोजेनचं नाव ओठावर आलं होतं. सोपं होतं, आणि अर्धं खरंही होतं. "मी," मी म्हटलं. "मी तुझ्यासाठी रडले नाही, म्हणून ते कापावं लागलं. मला माझा चेहरा हवा होता."

त्यानं माझ्याकडे बघितलं आणि खदखदून हसला. "ऐकलंस का?" बायकोला म्हणाला, "ही म्हणते, माझा सीन हिनं कापला! चहावाल्या बाईनं!" बायकोही हसली, पण तिचे डोळे हसत नव्हते, त्या माऊलीला कळलं होतं. मीही हसले. मग त्याचं हसू ओसरलं आणि तो माझ्या बाहीला धरून जवळ आला.

"पण तू होतीस ना समोर? तू बघितलंस ना?"

"कॅमेऱ्याच्या शेजारीच उभी होते."

"मग सांग ना. मी काय केलं होतं?"

मी वाइनचा ग्लास खिडकीत ठेवला. अल्विन कोट घेऊन आला होता, त्याला खुणेनंच थांब म्हटलं. "तू खाली बघून वाचत होतास," मी लायनेलला म्हणाले. "मग मी रडायला लागले, आणि तू मान वर केलीस."

"मान वर केली," तो म्हणाला.

"पुढे झालास. थांबलास. हात उचललास, आणि तो कुठे ठेवायचा ते तुला कळेना."

त्याचा हात तसाच वर आला. तो माझ्या तोंडाकडे बघत होता, एक शब्दही सुटू नये असं. "आणि मग?" तो म्हणाला.

"मग तू म्हणालास, मी माझा कोट घातलाय तिच्या अंगावर. लिहिलेलं नव्हतं ते. तुझं तू म्हणालास."

"हे मी म्हणालो?"

"तूच."

त्यानं ते मनातल्या मनात एकदा म्हणून बघितलं. ओठ हलले. मग चेहऱ्यावरून ते निसटून जाताना मला दिसलं, आणि त्यानं माझी बाही आणखी घट्ट धरली.

"पुन्हा सांग," तो म्हणाला.

मी पुन्हा पहिल्यापासून सांगायला लागले.